५७,००० चित्रांचा हिशेब

१/
दादासाहेब फाळके यांच्याविषयी आपल्याला शाळेत जे शिकवले गेले, ते एका ओळीत मावते : ३ मे १९१३, ‘राजा हरिश्चंद्र’, भारतीय चित्रपटाचे जनक. तारीख पाठ होते, माणूस मात्र हाती लागत नाही. आजच्या धाग्यात मी त्यांच्या कारकिर्दीकडे जरा वेगळ्या बाजूने पाहणार आहे. फाळके हे आपल्याकडचे पहिले अॅनिमेशनकार होते, स्वतःच्या चित्रपटांचे निर्माते होते आणि संकलकही स्वतःच होते. या तिन्ही कामांच्या मुळाशी एकच विद्या आहे : मोजणे. म्हणून आज आपणही कागद-पेन्सिल घेऊन थोडे मोजू या. इतिहासातील काही लाडक्या गोष्टी बेरीज-गुणाकारासमोर उभ्या केल्या की त्यांचे खरे रूप दिसू लागते.

२/
पहिली गोष्ट वाटाण्याच्या वेलाची. १९१२ मध्ये फाळके लंडनहून कॅमेरा घेऊन आले, पण चित्रपटासाठी भांडवल द्यायला कोणी तयार होईना. तेव्हा त्यांनी कुंडीत वाटाणे पेरले, समोर कॅमेरा रोवला आणि महिनाभर चित्रे घेतली. अंकुर फुटतो, वर येतो, वेल होऊन चढतो, असा तो इवलासा चित्रपट ‘अंकुराची वाढ’ या नावाने ओळखला जातो. तो पाहून सावकाराचे मन वळले आणि ‘राजा हरिश्चंद्र’चा मार्ग मोकळा झाला.

ही गोष्ट सांगताना दोन तपशील नेहमी जोडीने येतात : रोज एकच फ्रेम घेतली आणि चित्रपट मिनिटाहून थोडा अधिक लांबीचा झाला.

३/
आता गुणाकार. मूकपटांच्या काळात सेकंदाला साधारण १६ फ्रेम धावत. म्हणजे एका मिनिटाला ९६०. रोज एक या हिशेबाने महिन्याच्या होतात ३०, आणि पडद्यावर त्या दोन सेकंदांत संपतात. एक मिनिट भरायचे तर रोज ३२ फ्रेम हव्यात. उजेडाचे बारा तास धरले तर दर बावीस-तेवीस मिनिटांनी एक. एकच चित्र अनेकदा छापून लांबी वाढवता येते, पण मग वाढणारा वेल उरत नाही. उरतात एकामागून एक ठेवलेली स्थिर चित्रे.

‘रोज एक’ हे ऐकायला गोड आहे. पण मिनिटभराची अखंड वाढ दाखवायची, तर त्या घरात सकाळपासून संध्याकाळपर्यंत कोणीतरी कॅमेऱ्यापाशी सतत येत-जात राहिले असले पाहिजे. हिशेब आपल्याला हेच सांगतो : ही चमत्काराची कथा नसून घरगुती पहाऱ्याची कथा आहे.

४/
हा हिशेब कागदावर ठेवून माझे समाधान होईना. मी राहतो यवतमाळात. आमच्या जिल्ह्यात वाटाण्यापेक्षा सरकी सहज मिळते. गेल्या जूनमध्ये कुंडीत सरकीचे चार दाणे टोबले, समोर तिकाटण्यावर जुना मोबाइल बांधला आणि रोज सकाळी आठ वाजता एक फोटो, असे तीस दिवस केले. सहाव्या दिवशी दोन दल मातीबाहेर आले. महिन्याच्या शेवटी वीतभर रोप उभे होते. सगळे फोटो सलग लावले. पापणी लवायच्या आत खेळ संपला.

मग शेजारी दुसरी कुंडी ठेवली आणि घरातल्या सगळ्यांच्या पाळ्या लावल्या : दर अर्ध्या तासाने एक फोटो. या वेळी रोप खरोखर वाढताना दिसले. दिवसा पाने उजेडाकडे कलत, सांजेला खाली झुकत. ढग आला की चित्र काळवंडे, ऊन पडले की उजळे. पहिल्या आठवड्यातच घरच्यांनी एकमेकांवर पाळी ढकलायला सुरुवात केली. तेव्हापासून ‘फाळक्यांनी केले’ या वाक्यातील एकवचन मला खटकू लागले.

५/
ही चिकाटी आली कुठून? फाळक्यांचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजी त्र्यंबकेश्वरी झाला. मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये चित्रकला आणि त्यानंतर बडोद्याच्या कलाभवनात छायाचित्रण व छपाईची अंगे ते शिकले. गोध्रा येथे छायाचित्रांचा व्यवसाय सुरू केला, पण प्लेगच्या साथीत पत्नी आणि मूल दोघेही गेले. पुढे काही काळ पुरातत्त्व खात्यात छायाचित्रकार आणि त्यानंतर लोणावळ्यास व दादरला स्वतःचा छापखाना. रंगीत छपाईची यंत्रे पाहण्या-आणण्यासाठी ते १९०९ मध्ये जर्मनीलाही जाऊन आले. दरम्यान जादूचे प्रयोगही शिकले आणि करून दाखवले.

चरित्रकार बहुधा ही यादी ‘किती व्यवसाय बदलले’ अशा सुरात देतात. मला ती एकाच धड्याची उजळणी वाटते. तिरंगी छपाईत एकाच चित्राचे तीन ठसे एकावर एक उमटवावे लागतात. एक ठसा केसभर सरकला तरी चेहरा बिघडतो. चित्रपटातही प्रत्येक फ्रेम आधीच्या फ्रेमच्या जागी तंतोतंत बसावी लागते. छापखान्याने त्यांना जुळवणूक शिकवली आणि जादूने प्रेक्षकाची नजर कुठे वळवायची ते शिकवले. पुढच्या कारकिर्दीस आणखी काय हवे होते?

६/
हवा होता पैसा. छापखान्याची भागीदारी मोडलेली. १९१०-११च्या सुमारास मुंबईत ख्रिस्ताच्या जीवनावरील चित्रपट पाहून त्यांनी मनाशी ठरवले की आपल्या पुराणकथा अशाच पडद्यावर आणायच्या. त्यापुढे महिनोन्महिने चित्रपट पाहणे, जागरणे, प्रयोग. डोळ्यांवर एवढा ताण पडला की काही काळ दृष्टीच गेली. उपचारांनी ती परत आली. विम्याची पॉलिसी गहाण टाकून ते फेब्रुवारी १९१२ मध्ये लंडनला गेले. तेथे ‘बायोस्कोप’ साप्ताहिकाच्या संपादकांनी त्यांना सेसिल हेपवर्थ यांच्या स्टुडिओपर्यंत पोहोचवले. पन्नास पौंडांचा विल्यमसन कॅमेरा, फिल्मच्या कडेस छिद्रे पाडण्याचे यंत्र आणि कच्ची फिल्म यांची व्यवस्था लावून एप्रिलच्या आरंभी ते परतले आणि ‘फाळके फिल्म्स’ची स्थापना झाली.

उरलेले भांडवल पत्नी सरस्वतीबाईंच्या अंगावर होते. दागिने गहाण पडले. ‘निर्माता’ या शब्दाचा अर्थ पैसा उभा करणारा असा घेतला, तर या चित्रपटास दोन निर्माते होते.

७/
येथे छिद्रांविषयी थोडे सविस्तर सांगायला हवे, कारण मोबाइलच्या पिढीने फिल्म हातात घेतलेली नसते.

आमच्या लहानपणी गावोगावच्या जत्रांत तंबूतला सिनेमा येई. तुटलेल्या फिल्मचे तुकडे तंबूमागे पडलेले असत. ते गोळा करणे हा आमचा मोठा उद्योग होता. फ्यूज उडालेल्या बल्बमध्ये पाणी भरायचे, आरशाने उन्हाचा कवडसा अंधाऱ्या खोलीत घ्यायचा, मध्ये फिल्मचा तुकडा धरायचा. समोर धोतरावर रंगीत नायक उलटा उभा राही. एका चित्राच्या बाजूला किती भोके, यावर आमच्या पैजा लागत. उत्तर कायम एकच : चार इकडे, चार तिकडे.

हीच भोके यंत्राच्या दातांत अडकून फिल्म पुढे सरकवतात. ती नेमक्या अंतरावर नसली, तर पडद्यावरचे चित्र थरथरते किंवा फिल्म फाटते.

८/
१९१२ मध्ये कच्ची फिल्म छिद्रांविनाच येत असे. छिद्रे घरी पाडायची, आणि तीही अंधारात, कारण उजेडाचा स्पर्श होताच फिल्म वाया जाते. दादरच्या घरात हे काम सरस्वतीबाईंनी केले.

‘राजा हरिश्चंद्र’ची लांबी ३,७०० फूट. एका फुटात १६ फ्रेम, म्हणजे ५९,२०० फ्रेम. प्रत्येक फ्रेमला आठ छिद्रे. एकूण ४,७३,६००. यंत्राच्या एका दाबात एकाहून अधिक छिद्रे पडतात हे मान्य, पण फिल्म अंधारात, बोटांच्या अंदाजाने, इंचाइंचाने सरकवावीच लागते. हा आकडा केवळ एका तयार प्रतीचा. निगेटिव्ह वेगळी, कापून टाकलेला भाग वेगळा, पुढच्या प्रती वेगळ्या.

दिवसा चित्रीकरण, रात्री फिल्म धुणे आणि छापणे. शिवाय सगळ्या मंडळींचा स्वयंपाक. फाळक्यांबरोबर कॅमेरा चालवणाऱ्या त्र्यंबक तेलंगांचे नाव पुस्तकांत येते. हरिश्चंद्र झालेल्या दत्तात्रय दामोदर दाबके यांचे येते. तारामती साकारणाऱ्या अण्णा साळुंके यांचे येते. सरस्वतीबाईंचा उल्लेख बहुधा ‘पत्नीची साथ लाभली’ अशा अर्धवाक्यात उरकला जातो. पावणेपाच लाख छिद्रांना ‘साथ’ म्हणणे मला तरी जड जाते. त्या या उद्योगातील तंत्रज्ञ होत्या.

९/
दुसरी लाडकी गोष्ट जाहिरातीची. ‘राजा हरिश्चंद्र’ २१ एप्रिल १९१३ रोजी ऑलिंपियात निमंत्रितांना दाखवला गेला आणि ३ मे रोजी गिरगावच्या कॉरोनेशनमध्ये लोकांसाठी लागला. मुंबईबाहेर मात्र पहिले दिवस सोपे नव्हते. नाटक रात्रभर चाले. त्याच पैशांत तासाभराचा मुका खेळ कोण पाहणार? सांगतात की सुरतेस फाळक्यांनी जाहिरात बदलली : सत्तावन्न हजार छायाचित्रांचा खेळ, दोन मैल लांबीचे चित्र, आणि दर अवघा तीन आणे. मग गर्दी झाली.

हीही गोष्ट मोजून पाहू. ५७,००० फ्रेम भागिले १६, म्हणजे सुमारे ३,५६० फूट. नोंदलेल्या ३,७०० फुटांच्या अगदी जवळ. आकडा चोख आहे. आता दोन मैल : १०,५६० फूट. चित्रपटाची खरी लांबी पाऊण मैलही भरत नाही!

१०/
मला ही जाहिरात फाळक्यांचे सर्वांत खरे व्यक्तिचित्र वाटते. तिचा पहिला आकडा संकलकाने दिला आहे. ज्याने प्रत्येक फूट स्वतः हाताळली, कापली, जोडली, त्यालाच फ्रेमचा आकडा इतका जवळून ठाऊक असतो. दुसरा आकडा निर्मात्याने दिला आहे. ज्याच्या घरातले दागिने सावकाराकडे आहेत, तो पाऊण मैलाचे दोन मैल करतो. दोघे एकाच अंगरख्यात राहत होते आणि एकाच कागदावर सही करत होते.

इतिहास वाचताना आपण सहसा विचारतो, ही नोंद खरी की खोटी? कधी कधी एकाच नोंदीतील अर्धे खरे असते, अर्धे खोटे. आणि तो जोडच माणसाविषयी सर्वाधिक सांगून जातो.

११/
त्या काळी संकलन म्हणजे काय असे? आज आपण काचेवर बोट फिरवून दृश्य कापतो, नाही आवडले तर मागे येतो. फाळक्यांपाशी होती कात्री, भिंग आणि डिंकासारखे एक रसायन. फिल्म उजेडासमोर धरायची, फ्रेम शोधायची, कापायची. टोकावरचा थर खरवडायचा, रसायनाचा थेंब लावायचा, दुसरे टोक त्यावर दाबून ठेवायचे. कापलेली फ्रेम गेली ती गेली. मध्येमध्ये हिंदी आणि इंग्रजी मजकुराच्या पाट्या जोडायच्या, म्हणजे कथा कळेल.

काही संकलन तर कॅमेऱ्यातच होई. देव प्रकट व्हायचा असेल तर कॅमेरा थांबवायचा; नटांनी जागच्या जागी पुतळे होऊन उभे राहायचे; देवाने आत येऊन उभे राहायचे; कॅमेरा पुन्हा सुरू. एकाही नटाचा हात हलला की चमत्कार फसला. ‘राजा हरिश्चंद्र’च्या शेवटी शंकर असेच एका क्षणात अवतरतात.

१२/
‘लंकादहन’ (१९१७) मध्ये अण्णा साळुंके यांनीच राम आणि सीता अशा दोन्ही भूमिका केल्या. एकच चेहरा प्रेक्षकाला दोन माणसे वाटावीत, याचा बराचसा भार शेवटी कापणाऱ्या-जोडणाऱ्यावर पडतो. ‘श्रीकृष्णजन्म’ (१९१८) मध्ये भयभीत कंसाला आपलेच शिर धडावेगळे होताना दिसते; एकाच फिल्मवर दोनदा चित्र घेतल्याशिवाय हे साधत नाही. ‘कालियामर्दन’ (१९१९) मध्ये त्यांची चिमुकली कन्या मंदाकिनी कृष्ण होऊन डोहात नागाशी झुंजते. धार्मिक प्रेक्षक हात जोडत होता ते देवाला. पण तो देव फूटपट्टी, घड्याळ आणि कात्री यांतून घडला होता.

फाळक्यांना हे लपवायचेही नव्हते. चित्रपट कसे तयार होतात हे दाखवणारा एक लघुपट त्यांनी स्वतः काढला. त्यात ते दिग्दर्शन करताना, फिल्म तपासताना दिसतात. दुसऱ्या एका लघुपटात ते जादूगार झाले आणि नाव घेतले ‘प्रोफेसर केळफा’. आडनाव उलट वाचून पाहा. जणू रीळ मागे फिरवले आहे.

१३/
पहिले महायुद्ध सुरू झाले आणि युरोपातून येणारी कच्ची फिल्म महागली, दुर्मीळ झाली. सावकारांनी हात आखडते घेतले. मोठा पौराणिक चित्रपट परवडेना, तेव्हा फाळके पुन्हा फ्रेमपाशी आले. १९१५च्या सुमाराचा त्यांचा ‘आगकाड्यांची मौज’ हा लघुपट. त्यात नट नाहीत, पोशाख नाहीत, पडदे नाहीत. काड्यापेटीतल्या काड्या आपोआप हलतात, आकृती घडवतात, मोडतात. फ्रान्सच्या एमिल कोल यांनी १९०८ मध्ये काड्यांचा असाच खेळ केला होता. आपल्याकडे मात्र निर्जीव वस्तूला फ्रेमफ्रेमने चालवण्याचा हा आरंभकाळ.

युद्धकाळातील टंचाईला एका निर्मात्याने दिलेले हे उत्तर आहे. काड्यापेटी कोणत्याही दुकानात मिळते. लागतो तो वेळ.

१४/
किती वेळ? गेल्या हिवाळ्यात यवतमाळ तालुक्यातील एका गावच्या शाळेत सातवीच्या मुलांबरोबर हे करून पाहिले. फळ्यावर काळा कागद, वर काड्या, समोर मोबाइल. काड्यांचे एक बैल व्हावे आणि त्याने चार पावले टाकावीत, एवढाच बेत. सेकंदाला बारा फोटो धरले. दहा सेकंदांसाठी १२० फोटो. काड्या सरकवायच्या, हात बाहेर काढायचा, “आता!” म्हणायचे, फोटो. सकाळी सुरू केलेले काम मधल्या सुटीपर्यंत चालले. कोणी शिंकले की बैलाचा पाय मोडे.

खेळ पाहून वर्गात जो हलकल्लोळ झाला, तो ऐकण्यासारखा होता. त्यानंतर मी फाळक्यांच्या काड्यांविषयी सांगितले. मागच्या बाकावरची एक मुलगी म्हणाली, “सर, मंग थो पिच्चर आता कुठी पाहाले भेटन?”

कुठीच भेटत नाही. तो चित्रपट नष्ट झाला आहे.

१५/
का नष्ट झाला, याचे उत्तर आम्हा कापूसवाल्यांच्या जवळचे आहे. त्या काळची फिल्म नायट्रेटची असे. तिचा पारदर्शक पाया तयार होई कापसातील तंतूंपासून. कापूस नायट्रिक आणि सल्फ्युरिक आम्लांत बुडवायचा, त्यातून स्फोटक स्वभावाचा पदार्थ मिळतो. तो कापूर व इतर द्रावकांत विरघळवून त्याचे पातळ पत्रे काढायचे. याच कुळातील पदार्थ तोफांच्या दारूतही वापरला जाई.

आमच्या जिल्ह्यातील कापूस वाहून नेण्यासाठी इंग्रजांच्या काळात यवतमाळ–मूर्तिजापूर अरुंद रूळ घातले गेले. त्या गाडीला आम्ही ‘शकुंतला’ म्हणतो. कापूस इथून गाठोड्यांनी जाई आणि कापड होऊन परत येई, हे आम्हा सर्वांना ठाऊक आहे. पडद्यावरचा देवही मुळात कापसावरच उमटला होता, हे मात्र इथे फारसे कोणी सांगत नाही. आणि कापसाचे गुण त्याने सोडले नाहीत. गंजीला आग लागते तशी नायट्रेटच्या रिळाला लागते. उष्ण-दमट हवेत ते आधी चिकट होते, मग त्याची भुकटी होते.

१६/
भारतात मूकपटांच्या काळात सुमारे १,३०० चित्रपट निघाले. त्यांतील आज शिल्लक आहेत तीसेक, आणि तेही बरेचसे अपुरे. पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ मध्ये स्थापन झाले, म्हणजे फाळक्यांच्या निधनानंतर वीस वर्षांनी. तेथील पी. के. नायर यांनी फाळके कुटुंबीयांकडून व इतरत्र शोधून जे तुकडे मिळवले, त्यांमुळेच आज आपल्याला काही पाहता येते. ‘राजा हरिश्चंद्र’ म्हणून आपण जी रिळे पाहतो, ती पहिले आणि शेवटचे अशी आहेत, आणि अनेक अभ्यासकांच्या मते ती १९१३ची नसून फाळक्यांनीच १९१७ मध्ये पुन्हा काढलेल्या आवृत्तीची आहेत. २००३ मध्ये पुण्यातील नायट्रेट फिल्मच्या कोठाराला आग लागली आणि आणखी कितीतरी मूळ रिळे गेली.

१७/
आता जरा जपानकडे पाहू, कारण आजच्या तरुणांना अॅनिमेशन म्हटले की तोच देश आठवतो. तेथे शिमोकावा ओतेन, कोउची जुनइची आणि कितायामा सेइतारो या तिघांनी आपले पहिले अॅनिमेशनपट १९१७ मध्ये प्रदर्शित केले. म्हणजे फाळक्यांचा वाटाणा आणि काड्या त्यांच्या आधीच्या. तेथेही सुरुवातीचे बहुतेक चित्रपट नष्ट झाले. १९२३च्या भूकंपाने तोक्योतील स्टुडिओ उद्ध्वस्त केले. पण कोउची यांच्या ‘नामाकुरा गाताना’ या १९१७च्या विनोदी चित्रपटाची प्रत या शतकात ओसाकातील जुन्या वस्तूंच्या बाजारात एका अभ्यासकाला सापडली. त्याने ती ओळखली, कारण आपण काय शोधतो आहोत हे त्याला ठाऊक होते.

कोण आधी, ही शर्यत मला महत्त्वाची वाटत नाही. महत्त्वाचे आहे ते पुढे काय झाले. जपानमध्ये शिष्य झाले, त्यांचे शिष्य झाले, एक परंपरा उभी राहिली. आपल्याकडे काड्यांचा खेळ पाहून शिकायला खेळच उरला नाही. १९३०च्या दशकात प्रभातने ‘जंबूकाका’ काढला; १९५६ मध्ये फिल्म्स डिव्हिजनने मुंबईत कार्टून विभाग सुरू केला, तेव्हा शिकवायला अमेरिकेहून डिस्नेचे क्लेअर वीक्स आले. प्रत्येक वेळी पहिल्या पायरीपासून सुरुवात.

१८/
त्या मुंबईच्या विभागात घडलेले राम मोहन पुढे जपानी निर्माते युगो साको यांच्याबरोबर रामायणावरील अॅनिमेशनपटाचे सहदिग्दर्शक झाले. १९९२चा तो चित्रपट आपल्यापैकी अनेकांनी टीव्हीवर पाहिलेला असेल. २०२५ मध्ये तो आपल्या चित्रपटगृहांतही आला. सुमारे एक लाख हाताने काढलेली चित्रे त्यात आहेत. हनुमान लंकेवरून झेपावतो ते दृश्य पाहताना मला ‘लंकादहन’ आठवले. मधली पंचाहत्तर वर्षे एका रेषेने जोडली गेली असती, तर तो चित्रपट काढायला टोक्योहून निर्माता यावा लागला असता का, हा प्रश्न मनातून जात नाही.

१९/
फाळक्यांच्या कारकिर्दीचा उत्तरार्ध निर्मात्याच्या पराभवाचा आहे. १९१८ मध्ये भांडवलदार भागीदारांसह नाशिकला हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी उभी राहिली. भागीदारांना हवा होता वेग आणि आटोपशीर खर्च. फाळक्यांना हवी होती पुन्हा घेतलेली फ्रेम. खटके उडाले. कंपनी सोडून ते काशीस गेले, तेथे ‘रंगभूमी’ नावाचे नाटक लिहिले, पुन्हा परतले. पण बोलपट आला आणि एकट्याच्या हाताने चित्रपट घडवण्याचे दिवस संपले. ‘सेतुबंधन’ मूक काढून मागाहून त्यात आवाज भरावा लागला. कोल्हापूरला काढलेला ‘गंगावतरण’ (१९३७) हा त्यांचा अखेरचा चित्रपट. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिकला ते गेले. त्यांच्या नावाचा पुरस्कार १९६९ पासून दिला जातो.

२०/
या धाग्याच्या वाचकांत शाळा-महाविद्यालयांतील बरीच मंडळी आहेत, म्हणून शेवटी दोन विनंत्या.

पहिली : गोष्ट कितीही गोड असली तरी तिच्यातले आकडे एकमेकांना भिडवून पाहा. त्याने थोर माणसे लहान होत नाहीत. वाटाण्याच्या हिशेबाने फाळक्यांचे घर मला अधिक स्पष्ट दिसले, जाहिरातीच्या हिशेबाने त्यांची निकड समजली.

दुसरी : तुमच्या तालुक्यात तंबूतला सिनेमा फिरवणारी, प्रोजेक्टर चालवणारी, तुटलेली फिल्म जोडणारी माणसे अजून असतील. अडगळीत एखादे रीळ असेल, डायरी असेल, तिकिटांचे पुस्तक असेल. रीळ सापडले तर ते कोरड्या, थंड जागी ठेवा, आगीपासून दूर ठेवा आणि पुण्याच्या संग्रहालयास कळवा. त्या माणसांकडे जाऊन बसा आणि विचारा : फिल्म कोण धुवत असे, कोण जोडत असे, जनरेटरपाशी रात्र कोण जागत असे? घरातल्या बायका काय करत, हे मुद्दाम विचारा, कारण आपणहून ते कोणी सांगणार नाही. उत्तरे नावानिशी लिहून ठेवा.

३ मे ही तारीख तर परीक्षेत येईलच. तिच्याशेजारी वहीत एक आकडा पेन्सिलने लिहून ठेवा : ४,७३,६००. त्याच्यापुढे नाव लिहा, सरस्वतीबाई फाळके.